‘हळवी’ म्हणून बाजूला पडलेली सेसीलिया मेइरेलेस

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: सेसीलिया मेइरेलेस या ब्राझिलियन कवयित्रीने भारतावर अख्खा संग्रह लिहिला आहे असं कानावर आलं. ही बाई कोण, तिचं आयुष्य कसं गेलं, आणि पोर्तुगीज जेमतेम येत असताना तिला वाचायचं तर सुरुवात कुठून करायची? शिवाय ‘फार हळवी आहे, समुद्र आणि मृत्यू सोडून तिच्याकडे काही नाही’ असं कुणी तरी तुम्हाला सांगितलं, ते कितपत खरं?

शेवटून सुरुवात करतो. ते खरं नाही, पण हा समज कुठून येतो ते कळण्यासारखं आहे. ब्राझीलच्या पाठ्यपुस्तकांत आणि जगभरच्या निवडक संग्रहांत त्यांच्या दोन-तीन कविताच फिरून फिरून येतात. एक ‘मोतीवु’, म्हणजे गाण्याचं कारण सांगणारी. दुसरी ‘रेत्रातु’, म्हणजे आरशातल्या स्वतःच्या चेहऱ्यावरची. दोन्ही उत्तम आहेत. मी पोर्तुगीज शिकवतो, थोडीफार कविता मराठीत आणतो, तेव्हा या दोन कविता वर्गात दरवर्षी येतात आणि मुलं दरवर्षी तिथेच थांबतात. ‘सर, किती सॅड आहे ना!’ झालं, बाई कायमची त्या एका कप्प्यात.

माझं म्हणणं असं, की सेसीलियाबाई आयुष्यभर नोकरी करणाऱ्या, रोजच्या रोज वर्तमानपत्राला मजकूर देणाऱ्या, सरकारशी छापील भांडण मांडणाऱ्या बाई होत्या. त्यांच्या ओळींतला हलकेपणा निवांत बसून आलेला नाही, तो कामाच्या रगाड्यातून काढलेला आहे. हे डोक्यात ठेवून वाचलं की त्याच समुद्र-मृत्यूच्या कविता निराळ्या ऐकू येतात.

आयुष्याचा आरंभ मात्र खरोखरच मृत्यूने भरलेला आहे, ते नाकारण्यात अर्थ नाही. ७ नोव्हेंबर १९०१ रोजी रिओ दि जानेइरोमध्ये जन्म. वडील बँकेत नोकरीला होते, ते मुलगी जन्मायच्या तीन महिने आधी वारले. आई शाळेत शिक्षिका. ती सेसीलिया तीन वर्षांची व्हायच्या आत गेली. आधीची तीन भावंडंही जगली नव्हती. म्हणजे घरात उरल्या दोघी: ही पोर आणि आईची आई, जासिंता. ही आजी अटलांटिक महासागरातल्या असोरेस बेटांपैकी सांव मिगेलची. पुढे बाईंनी सांगितलंय की एकाकी लहानपणाने आपल्याला दोन गोष्टी दिल्या, शांतता आणि एकांत. लोकांना त्या उणिवा वाटतात, आपल्याला मात्र त्या कायम उपयोगीच पडल्या. मृत्यूशी लहानपणापासून घसट असल्यामुळे क्षणिक काय आणि टिकाऊ काय याचं नातं आपण शांतपणे शिकलो, असंही त्या म्हणत. यात रडगाणं कुठेच नाही, हे लक्षात घ्या.

आजीकडून आणखी एक गोष्ट मिळाली. तिचं पोर्तुगीज जुन्या वळणाचं होतं, आणि घाई करायची असली की ती म्हणे, ‘काता, काता, की ए व्हियाजें दा ईंदिया!’ म्हणजे ‘आटपा, आटपा, भारताची सफर आहे!’ गलबतांच्या काळातली ही बोली असोरेसमार्गे रिओच्या एका स्वयंपाकघरात येऊन पोचलेली. भारत हा शब्द त्यांच्या कानावर पहिल्यांदा पडला तो असा, तत्त्वज्ञान बित्त्वज्ञानाच्या खूप आधी. जोडीला पेद्रीना नावाची दाई होती, तिच्याकडून भुताखेतांच्या आणि लोककथांच्या गोष्टी. बाई पुढे लोकसाहित्याच्या अभ्यासक म्हणून नावारूपाला आल्या, त्याचं मूळ इथेच आहे.

१९१० मध्ये प्राथमिक शाळा संपली तेव्हा पहिल्या आल्याबद्दल त्यांना सुवर्णपदक मिळालं. ते देणारा शाळा-तपासनीस होता ओलावु बिलाक, त्या काळचा ब्राझीलचा सर्वांत गाजलेला कवी. १९१७ ला अध्यापिकेची पदविका घेऊन त्या शाळेत शिकवायला लागल्या. १९१९ ला पहिला संग्रह आला, ‘एस्पेक्त्रुस’, सतरा-अठराव्या वर्षी लिहिलेली सुनीतं. खरं सांगायचं तर तो आणि त्यानंतरचे विशीतले दोन संग्रह अभ्यासकांपुरते आहेत. बाईंनाही नंतर त्यांचं फार कौतुक उरलं नाही. तुम्ही ते बिनदिक्कत सोडून द्या.

१९२२ साल ब्राझीलच्या साहित्यात फार महत्त्वाचं. फेब्रुवारीत सांव पाउलुच्या नाट्यगृहात आधुनिक कलेचा आठवडा झाला आणि मारिओ दि आंद्रादि, ओस्वाल्द दि आंद्रादि वगैरे लेखक मंडळींनी जुन्या छंदांवर हल्ला चढवला. बाई त्या गर्दीत नव्हत्या. त्यांची ऊठबस ‘फेस्ता’ मासिकाच्या, अध्यात्माकडे झुकलेल्या रिओच्या गटात. पण कुठल्याच गटाचा झेंडा त्यांनी शेवटपर्यंत धरला नाही. मुक्तछंद लिहिला, सुनीतं लिहिली, मध्ययुगीन गाण्यांचे घाट वापरले, जुन्या स्पॅनिश-पोर्तुगीज पवाड्यांचा छंदही. जो घाट कामाचा तो उचलायचा. त्याच वर्षी फेर्नांदु कोहेइया दियास या पोर्तुगीज चित्रकाराशी लग्न झालं. तीन मुली झाल्या, त्यांतली मारिया फेर्नांदा पुढे रंगभूमीवरची मोठी अभिनेत्री.

आता ज्या भागाबद्दल निवडक संग्रहांच्या प्रस्तावना दोन ओळींत आटोपतात तिथे जरा थांबतो. १९२९ मध्ये बाईंनी अध्यापक विद्यालयातल्या साहित्याच्या प्राध्यापकपदासाठी प्रबंध सादर केला. जागा मिळाली नाही. पुढच्याच वर्षी त्यांनी ‘दियारिउ दि नोतीसियास’ या रिओच्या दैनिकात शिक्षणाचं पान हाती घेतलं आणि १९३३ पर्यंत ते चालवलं. कविता-बिविता नाही. शाळांच्या इमारती, शिक्षकांचे पगार, मुलांना काय वाचायला द्यावं, परीक्षा कशा असाव्यात, मुलामुलींना एकत्र शिकवावं की नाही. रोजच्या रोज. १९३० च्या अखेरीस जेतूलिउ वारगास सत्तेवर आला आणि १९३१ मध्ये त्याच्या सरकारने सरकारी शाळांत धर्मशिक्षणाला वाट करून देणारा हुकूम काढला. बाई त्याच्यावर तुटून पडल्या. त्या स्वतः श्रद्धाळू वृत्तीच्या. पण शाळा सगळ्यांची आहे, तिथे एका पंथाला शिरकाव नको, हे त्यांनी नाव घेऊन, शिक्षणमंत्र्याला उद्देशून लिहिलं. १९३२ मध्ये नव्या शिक्षणाचा जाहीरनामा निघाला, मोफत, सक्तीचं, धर्मनिरपेक्ष शिक्षण मागणारा. आनीज्यु तेइशेइरा, फेर्नांदु दि आझेवेदु यांच्यासारख्या शिक्षणसुधारकांच्या सह्यांबरोबर त्यावर मूठभर स्त्रियांच्या सह्या आहेत, त्यांतली एक बाईंची.

१९३४ मध्ये रिओच्या बोताफोगु भागातल्या मूरिश घाटाच्या एका जुन्या मंडपात त्यांनी मुलांचं ग्रंथालय उघडलं. ब्राझीलमधलं ते या प्रकारचं पहिलं. सजावट नवऱ्याने केली. तिथे नुसती पुस्तकं नव्हती, चित्रं काढणं, संगीत, गोष्टी ऐकणं सगळं होतं. १९३७ मध्ये वारगासने हुकूमशाही जाहीर केली त्या सुमाराला ते बंद पाडण्यात आलं. मार्क ट्वेनचा टॉम सॉयर कपाटात सापडला आणि ते पुस्तक साम्यवादी ठरवलं गेलं, असा किस्सा त्यावर हमखास सांगतात.

त्याच वर्षांत घरही कोसळलं. १९३४ च्या अखेरीस नवरा-बायको पोर्तुगालला गेली होती, बाईंची लिस्बन आणि कोइंब्रामध्ये व्याख्यानं झाली. (फेर्नांदु पेसोआ या पोर्तुगीज कवीला भेटायचं ठरलं, बाई वाट बघत बसल्या, तो आलाच नाही. मुक्कामी परतल्यावर त्याने पाठवलेला ‘मेन्साजें’ हा त्याचा कवितासंग्रह हाती पडला, सोबत निरोप की आज ग्रहमान भेटीला अनुकूल नव्हतं. किस्सा रंगवून सांगितला जातो, पण पेसोआचं ज्योतिषाचं वेड बघता अशक्य मुळीच नाही.) परतल्यावर १९३५ मध्ये कोहेइया दियासने आत्महत्या केली. बाई तेहतीस-चौतीस वर्षांच्या, पदरात तीन मुली. वर्तमानपत्रं, विद्यापीठातली शिकवणी, मिळेल ते लेखनकाम असं करत त्यांनी घर चालवलं. १९४० मध्ये एतोर ग्रीलु या कृषिशास्त्रज्ञाशी दुसरं लग्न केलं, ते शेवटपर्यंत टिकलं.

हे एवढं सविस्तर का सांगितलं? कारण ज्या संग्रहाने सेसीलिया मेइरेलेस खऱ्या अर्थाने उभ्या राहिल्या, त्या ‘व्हियाजें’ मधल्या, म्हणजे ‘प्रवास’ मधल्या, कविता १९२९ ते १९३७ या काळातल्या आहेत. हुकलेली प्राध्यापकी, रोजचं पान, ग्रंथालय, नवऱ्याचा मृत्यू, ग्रंथालयाला टाळं. ‘मोतीवु’ आणि ‘रेत्रातु’ याच संग्रहात आहेत. आता ‘मोतीवु’ पुन्हा ऐका. आरंभ असा:

गाते, कारण हा क्षण आहे
आणि आयुष्य माझं पुरतं आहे.
आनंदी नाही, दुःखीही नाही:
कवी आहे.

चार-चार ओळींची चार कडवी. प्रत्येकात तीन ओळी बऱ्यापैकी लांब, चौथी एकदम आखूड. मोडतेय की बांधतेय, टिकतेय की विरतेय, ठाऊक नाही, असं मधल्या कडव्यात येतं. शेवटी एक दिवस मी मुकी होईन हे मला ठाऊक आहे, आणि मग मुळात दोनच शब्दांची ओळ: ‘बाकी काही नाही.’ ज्या बाईने त्या आठ वर्षांत एवढं बांधलं आणि एवढं मोडलेलं पाहिलं, तिने हे लिहिलंय. चौथ्या ओळीचा तो आखूडपणा मला दुःखाचा उसासा वाटत नाही. कामाला बसलेल्या माणसाने हिशेब झटकन मिटवावा तसा वाटतो.

१९३८ मध्ये ब्राझिलियन साहित्य अकादमीने ‘व्हियाजें’ला कवितेचं पारितोषिक दिलं. त्यावरून परीक्षकांत बराच वाद झाला, कासियानु रिकार्दु हा कवी बाईंच्या बाजूने लढला. पुस्तक १९३९ मध्ये लिस्बनला छापलं गेलं. गंमत बघा: ज्या अकादमीने पारितोषिक दिलं, तिचं सदस्य होणं त्यांना शक्यच नव्हतं. स्त्रियांना तिथे १९७७ पर्यंत दार बंद होतं. बाई गेल्यावर, १९६५ मध्ये, त्याच अकादमीने त्यांना आपला मानाचा माशादु दि आसीस पुरस्कार देऊन टाकला.

‘व्हियाजें’नंतर ‘व्हागा मूझिका’ (१९४२) आणि ‘मार आब्सोलूतु’ (१९४५) आले. समुद्राचा बदलौकिक मुख्यतः या दोन पुस्तकांमुळे आहे. पण तो समुद्र बघायचा नाही, त्यावरून जायचा आहे, आजीच्या गलबतांचा. हे एवढं सांगून पुढे जातो, कारण मला तुम्हाला लवकर ‘रोमांसेइरु’कडे न्यायचं आहे.

‘रोमांसेइरु दा इंकोंफिदेंसिया’, म्हणजे राजद्रोहाचे पवाडे, १९५३ मध्ये निघालं. माझ्या मते त्यांचं सर्वांत मोठं काम हेच, आणि ‘हळवी कवयित्री’ या शिक्क्याला पुरून उरणारं. विषय १७८९ चा, मीनास जेराइस प्रांतातल्या फसलेल्या उठावाचा. विला रिका, म्हणजे आजचं ओउरु प्रेतु, ही सोन्याच्या खाणींची राजधानी. लिस्बनच्या राजसत्तेला तिथून दरवर्षी शंभर आरोबा सोनं, म्हणजे दीड हजार किलोच्या आसपास, हवं असे. खाणी आटत चालल्या, सोनं कमी पडू लागलं, तेव्हा उरलेली थकबाकी लोकांच्या घरांतून सक्तीने उकळायची अशी तरतूद होती, तिचं नाव देरामा. ज्या दिवशी देरामा जाहीर होईल त्या दिवशी उठायचं, असा बेत काही वकील, कवी, पाद्री, लष्करी अधिकारी यांनी केला. जोआकीं सिल्वेरियु दुस रेइस हा स्वतःच सरकारच्या कर्जात बुडालेला. त्याने बातमी फोडली. देरामा थांबवली गेली आणि धरपकड झाली. क्लाउजिउ मानुएल दा कोस्ता हा कवी कोठडीत मेलेला आढळला. तोमास आंतोनियु गोंझागा या कवीला मोझांबिकला हद्दपार केलं, तो तिथेच वारला. फासावर गेला एकटाच, घोडदळातला साधा अधिकारी जोआकीं जोझे दा सिल्वा शाव्हियेर. दात काढायची कला अवगत असल्यामुळे लोक त्याला तिरादेंतिस म्हणत. २१ एप्रिल १७९२, रिओ. देहाचे तुकडे करून रस्त्यावर टांगले, डोकं विला रिकाला पाठवलं. आज हा दिवस ब्राझीलमध्ये राष्ट्रीय सुट्टीचा आहे.

गोव्याच्या वाचकाला इथे काही आठवायला हवं. १७८७ मध्ये कांदोळीच्या पिंटोंचा उठाव फसला तो पोर्तुगालच्या त्याच राणीच्या, मारिया पहिलीच्या अंमलात. १७८८ मध्ये त्यातल्या पंधरा जणांना देहान्त झाला, देहांची विटंबना तशीच. वर्गात दोन्ही घटना मी एकत्र शिकवतो. एकच साम्राज्य, एकच दंडसंहिता, आणि दोन्हीकडे फितुरी.

बाई ओउरु प्रेतुला गेल्या होत्या पवित्र आठवड्याच्या मिरवणुकांवर लिहायला, पत्रकार म्हणून. तिथल्या गल्ल्यांत त्यांना दीडशे वर्षांपूर्वीची माणसं बोलताना ऐकू येऊ लागली, असं त्यांनी १९५५ मध्ये त्याच गावी दिलेल्या व्याख्यानात सांगितलं. पण मग त्यांनी नुसता भास टिपला नाही. वर्षानुवर्षं कागदपत्रं वाचली, खटल्याची दप्तरं चाळली. पुस्तकात ८५ ‘रोमांस’, म्हणजे पवाड्याच्या घाटाच्या कथाकविता, आहेत, शिवाय मध्ये मध्ये देखावे आणि निवेदकाची भाषणं. छंद बहुतांश जुना इबेरियन पवाड्याचा, सात अक्षरांच्या ओळी, सम ओळींत स्वरांचं यमक. आपल्या पोवाड्याशी नातं सांगावं असा मोह होतो, पण डफ आणि कडक आवाज इथे नाही. नायकाला पुढे करून त्याची कीर्ती गायची पद्धतही नाही. बाईंचा रोख सतत भोवतालच्या माणसांवर असतो.

दुसऱ्याच कवितेत सोनं येतं. अंधाऱ्या ओढ्यांवर हजार बातेया गरगर फिरतायत. बातेया म्हणजे उथळ लाकडी परात. गाळ पाण्यात फिरवायचा, माती वाहून जाते, जड सोनं तळाशी बसतं. सराफकट्ट्यावरची धूळ धुणारे आपले झारेकरी याच हिशेबाने काम करतात. त्या कवितेत सोनं कधी दमत नाही. माणसं दमतात, गुलाम मरतात, सोनं मात्र पुढच्या हातात. सगळ्या उठावाचं अर्थशास्त्र बाईंनी इतक्या सहज आधी ठेवून दिलंय की नंतर कुणी ‘स्वातंत्र्य’ म्हणालं तरी त्यामागची परात डोळ्यांपुढून हलत नाही.

सर्वांत प्रसिद्ध आहे तो चोविसावा रोमांस, झेंड्याचा. बंद दारांआड, पेटत्या मेणबत्त्यांच्या उजेडात मंडळी जमलीयेत. कुणी सुचवतंय, कुणी नाकारतंय, कुणी फक्त ऐकतंय. झेंड्यावर व्हर्जिलची लॅटिन ओळ घालायची ठरते, उशिरा का होईना पण स्वातंत्र्य. आणि समोरच्या घरांत? काचेला डोळे चिकटवलेले शेजारी, झोप न झाल्याने सुजलेले चेहरे, कोण कधी आलं कोण कधी गेलं याची टेहळणी. एका रस्त्याच्या एका बाजूला इतिहास घडतोय, दुसऱ्या बाजूला चुगलीची तयारी. कवितेच्या शेवटाकडे त्या चार ओळी येतात ज्या ब्राझीलमध्ये शाळकरी पोरांनाही पाठ असतात:

स्वातंत्र्य: हा असा शब्द
माणसाचं स्वप्न ज्यावर पोसतं,
ज्याचा अर्थ सांगणारा कुणी नाही,
आणि तो कळत नाही असाही कुणी नाही!

पोस्टरवर या चार ओळी छान दिसतात. पण खिडकीतले ते शेजारी वगळून त्या वाचल्या तर निम्मी कविता वाया गेली. १९६४ च्या मार्चअखेरीस ब्राझीलमध्ये लष्कराने सत्ता घेतली आणि एकवीस वर्षं सोडली नाही. पुस्तक त्याच्या आधी अकरा वर्षं लिहिलेलं, पण पाळतीचं हे वर्णन नंतरच्या वाचकाने आपल्याच गल्लीचं म्हणून वाचलं असेल तर नवल नाही.

आता भारत. तुमचा मूळ प्रश्न हा, म्हणून नीट सांगतो. टागोर त्यांनी तरुणपणापासून वाचले आणि पुढे अनुवादले. ‘डाकघर’ आणि ‘चतुरंग’ ब्राझीलमध्ये त्यांच्या पोर्तुगीजमधून पोचले. (व्हर्जिनिया वूल्फ, लोर्का, रिल्के यांचेही अनुवाद त्यांनी केले.) ३० जानेवारी १९४८ ची बातमी रिओत पोचली तेव्हा त्यांनी गांधीजींवर शोककविता लिहिली. तिच्यात कोपऱ्याकोपऱ्यावर वाऱ्याने उलगडलेली वर्तमानपत्रं आहेत, ‘लोकांना आशीर्वाद देत असताना हत्या’ हा मथळा आहे, आणि आपल्या खाजगी स्वप्नांतली फुलं मी इथे सोडून देते अशी सुरुवात आहे. म्हणजे हळवेपणाचा राजीनामा त्यांनी स्वतःच दिलाय, पहिल्या दोन-तीन ओळींत.

१९५३ च्या आरंभी गांधीविचारावरच्या परिसंवादासाठी नेहरूंच्या सरकारने त्यांना दिल्लीला बोलावलं. दिल्ली विद्यापीठाने सन्माननीय डॉक्टरेट दिली. त्या बऱ्याच फिरल्या: आग्रा, जयपूर, हैदराबाद, बंगलोर, पुरी. आणि गोवा. हे जरा अवघड गणित होतं. नेहरूंच्या पाहुण्या, भाषा पोर्तुगीज, आणि गोवा अजून पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याच्या ताब्यात. त्याच वर्षी जूनमध्ये भारताने लिस्बनमधली आपली वकिलात बंद केली. ‘पोएमास एस्क्रितुस ना ईंदिया’, भारतात लिहिलेल्या कविता, हे पुस्तक १९६१ मध्ये आलं, म्हणजे गोवा मुक्त झाला त्याच वर्षी.

पुस्तकाची पहिली कविता वाटसरूच्या नियमाची. वाटसरू जवळजवळ प्रेमात पडलेला आहे, पण ना मोकळा ना बंदिवान. बाईंनी स्वतःची जागा आधीच सांगून टाकलीय: मी इथली नाही, इथून जातेय. पुस्तकातल्या सगळ्याच कविता सारख्या ताकदीच्या नाहीत, हेही सांगतो. काहींत घुमट, डाळिंबं, नीलमणी, मोर यांची आरास जास्त होते, आणि आपण भारतीय वाचक तिथे थोडे कंटाळतो. दिल्लीच्या टांग्यांचे नटवलेले घोडे गोड आहेत, त्यापलीकडे फार नाही. औरंगाबादच्या विणकामावर एक स्वतंत्र कविता आहे, आज आपण ज्याला छत्रपती संभाजीनगर म्हणतो तिथल्या मागांवरची. ती मराठी माणसाने कुतूहलाने वाचावीच.

पण एक कविता सगळ्यांच्या वरची, ‘पोब्रेझा’, दारिद्र्य. रस्त्यावर एक म्हातारा भिकारी. पहिल्या ओळींत बाई तो काय नाही ते सांगत जातात. एवढा जुना, तरी खांबावरून किंवा कमानीवरून उतरलेला नाही. एवढा सुरकुतलेला, तरी दगडाचा नाही. एवढा काळा, तरी लोखंडाचा नाही. देवळं-लेणी बघत फिरणाऱ्या पाहुण्याची नजर आहे ही, तिला जिथे तिथे शिल्पच दिसतं. बाई आपल्याच नजरेची तपासणी करतायत. मग तो जिवंत आहे, हलत नाही पण आहे. त्याचा आवाज गाण्यासारखा, प्रार्थनेसारखा, पण तो नुसती याचना करतोय. त्याला कुणी काही देत नाही. दिसत नाही का? देता येत नाही? आणि मग दोन क्रियापदं, मध्ये पूर्णविराम: ‘जात होते. जात होतो.’

इतकंच. आधी ‘ते’ जात होते, लगेच ‘आम्ही’. वाटसरूचा जो नियम पहिल्या कवितेत मोहक वाटला होता, त्याचा दुसरा अर्थ इथे कळतो. जाणारा तोच, जो देत नाही. बाई स्वतःला त्यातून वगळत नाहीत आणि त्यावर शोकही करत नाहीत, पुढच्या ओळीवर जातात. म्हातारा हात जोडून आहे, मागता मागता आशीर्वाद देतोय. शेवटच्या ओळींत तो इतका पुरातन की अमर वाटावा, इतका दरिद्री की दैवी वाटावा. काहींना हा शेवट दारिद्र्याला सोवळं नेसवणारा वाटतो आणि वर्गात त्यावर भांडणं होतात. ‘जात होतो’ एवढं म्हणून झाल्यावर त्या शेवटावर माझा तरी आक्षेप उरत नाही, पण तुम्ही तुमचं ठरवा.

लहान मुलांच्या कवितांबद्दल दोन शब्द. ‘ओउ इस्तु ओउ आकीलु’, हे नाही तर ते, १९६४ मध्ये आलं, बाई गेल्या त्याच वर्षी. अंगठी घातली तर हातमोजा नाही, हातमोजा घातला तर अंगठी नाही, असं करत करत मूल निवड करायला शिकतं, आणि निवड काही केल्या होत नाही. शिक्षणाच्या पानावर पोटतिडकीने लिहिलेलं सगळं इथे खेळ होऊन आलंय. उपदेशाचा एक कण नाही. त्यातली कारोलीनाची कविता मोठ्याने म्हणून बघा, पोर्तुगीज येत नसलं तरी:

कों सेउ कोलार दि कोराल,
कारोलीना
कोहि पोर एंत्रि आस कोलूनास
दा कोलीना.

पोवळ्यांची माळ घातलेली कारोलीना टेकडीवरच्या खांबांमधून धावतेय. ‘क’ आणि ‘ल’ धावतायत ते तुम्हाला ऐकू आलंच असेल. पोर्तुगीज शिकणाऱ्यांना मी व्याकरणाच्या आधी हे देतो.

कर्करोगाने ९ नोव्हेंबर १९६४ रोजी त्या रिओतच गेल्या, त्रेसष्टावा वाढदिवस दोन दिवसांपूर्वी झाला होता. १९८९ मध्ये ब्राझीलने शंभर क्रुझादु नोव्हुच्या नोटेवर त्यांचं चित्र छापलं. त्या काळातली महागाई अशी की ते चलनच पुढच्या वर्षी बदललं. ‘क्षणिक आणि टिकाऊ’ यावर जन्मभर लिहिणाऱ्या बाईंना ही गंमत नक्की आवडली असती.

तर कुठून सुरुवात? भारतावरच्या पुस्तकापासून करू नका, मोह होईल तरी. आपल्या ओळखीची गावं दिसतील आणि तुम्ही कविता सोडून गावं शोधत बसाल. जेमतेम पोर्तुगीज असेल तर आधी मुलांच्या कविता. ओळी लहान, शब्द साधे, चाल कानात बसते. मग ‘व्हियाजें’, रोज एक-दोन, आणि वाचताना १९२९ ते १९३७ या तारखा विसरू नका. ‘रोमांसेइरु’ला हात घालण्याआधी मीनासच्या उठावावर दहा पानं कुठूनही वाचा, नाही तर नावांच्या गर्दीत हरवाल. मग तुकडे न वेचता पहिल्यापासून सलग वाचा. ब्राझीलमध्ये ग्लोबाल या प्रकाशनाने त्यांची पुस्तकं सुटी सुटी नव्याने काढली आहेत, त्या आवृत्त्या चालतील. पोर्तुगीज अजिबातच नसेल तर एलिझाबेथ बिशप आणि इमानुएल ब्रासिल यांनी १९७२ मध्ये संपादित केलेल्या विसाव्या शतकातल्या ब्राझिलियन कवितेच्या इंग्रजी संग्रहात बाई भेटतील, मूळ पाठही शेजारी आहे. ‘पोब्रेझा’ मात्र मुळातून गाठा, शब्दकोश घेऊन. छोटी कविता आहे, एका संध्याकाळी होते. अडलात तर इथेच विचारा.